अण्णांच्या गोळ्यांचा डबा उघडायला लावणाऱ्या सिस्टरना

आदरणीय सिस्टर,

सादर नमस्कार.

आपले आणि आपल्या रुग्णालयाचे नाव कुठेही येऊ नये असे आपण बजावले होते, म्हणून ते या पत्रात घातलेले नाही. पत्र मात्र उघड लिहीत आहे. आपल्या डायलिसिसच्या खोलीबाहेरच्या बाकावर दर मंगळवारी आणि शुक्रवारी आमच्यासोबत जी माणसे बसतात, त्यांतील बहुतेकांच्या पिशवीत दुखण्यावरची एखादी गोळी असतेच आणि ती आपल्या माणसाच्या मूत्रपिंडांना झेपेल का, हे कुणी विचारत नाही. आम्हीही विचारले नव्हते.

आषाढातल्या एका सोमवारी विहिरीकडे उतरताना जांभ्याच्या पायरीवरील शेवाळावरून अण्णांचा, म्हणजे माझ्या सासऱ्यांचा, पाय सरकला आणि कमरेचा एक मणका दबला. बुधवारी त्यांना शेजारच्या गावातील एका दवाखान्यात नेले. तिथून कमरेचा पट्टा, दुखण्यावर ट्रॅमाडॉलची १०० मिलिग्रॅमची गोळी सकाळ-संध्याकाळ आणि सोबत प्रीगॅबालिन ७५ मिलिग्रॅम, तेही सकाळ-संध्याकाळ, अशी चिठ्ठी मिळाली. एक्स-रेचे पाकीट आम्ही जपून नेले होते, डायलिसिसची फाइल मात्र घरी कपाटावर राहिली. ‘आणखी काही आजार?’ असे डॉक्टरांनी विचारले, तेव्हा माझ्या यजमानांनी ‘बीपी आहे’ एवढेच सांगितले. अडीच वर्षे चाललेले डायलिसिस आमच्या इतके अंगवळणी पडले आहे की तो आजार म्हणून सांगायचा असतो, हेच त्या क्षणी कुणाला सुचले नाही. पूर्ण बाहीच्या सदऱ्याखालचा फिस्टुलाचा, म्हणजे डायलिसिसच्या सुईसाठी शीर फुगवून घेतलेला, हात डॉक्टरांनी पाहायला हवा होता, असे मला वाटते; पण त्याआधी बोलायला आम्ही हवे होतो.

औषधांच्या दुकानातही चिठ्ठी नीट पाहिली गेली. ट्रॅमाडॉल २०१८ पासून अमली पदार्थांच्या कायद्याखाली आले असल्यामुळे दुकानदार तिची नोंद ठेवतो. कायदा व्यसनावर लक्ष ठेवतो आणि ते योग्यच आहे, पण क्रिएटिनिन, म्हणजे मूत्रपिंडे कितपत काम करतात ते सांगणारा रक्तातला आकडा, किती आहे हे त्यात कुणी विचारत नाही.

पहिले दोन दिवस अण्णांना खरोखर आराम पडला. शुक्रवारी पावसाने ओढ्यावरचा साकव पाण्याखाली गेला आणि डायलिसिस चुकले. शनिवारपासून ते दिवसाही झोपू लागले. उठवले की ‘माका जरा निजाक दी गो’ म्हणून कुशीवर वळायचे. दुखण्याने इतक्या रात्री जागून काढल्या होत्या, आता झोप लागते आहे तर लागू दे, असे म्हणत आम्ही त्यांच्यावर गोधडी घालत राहिलो. रविवारी चहाचा अर्धा कप हातात दिला, तर हाताला एकदम हिसका बसून सगळा चहा अंथरुणावर सांडला. थोड्या वेळाने पायालाही तसाच झटका आला. आम्ही त्याला थंडी म्हटले.

मंगळवारी आपण त्यांना खुर्चीवर बसवताना पाहिलेत आणि सुई हातात घेण्याआधी थांबलात. आठ दिवस रक्त शुद्ध झाले नाही म्हणून गुंगी आली असेल, असे मीच आपल्याला सांगत होते. आपण ते ऐकून घेतलेत, पण त्यावर विसंबला नाहीत. दोन्ही हात पुढे धरायला सांगितलेत, वीसपासून उलटे आकडे मोजायला लावलेत (अण्णा सतरावर अडकले), डोळ्यांत बॅटरी मारून पाहिलीत आणि घड्याळ समोर धरून पूर्ण एक मिनिट त्यांचे श्वास मोजलेत. मग मला विचारलेत, ‘गेल्या आठवड्यात नवीन काय सुरू झालंय?’ मी ‘दुखण्याच्या दोन गोळ्या’ म्हणाल्यावर आपल्याला ते पुरले नाही. घरी फोन करून बिस्किटांच्या बरणीत ठेवलेल्या पट्ट्यांचे फोटो मागवायला लावलेत आणि बोटांनी तो फोटो मोठा करून नावापुढची ‘एसआर’ ही दोन अक्षरे मला दाखवलीत. ती अक्षरे मी आठवडाभर रोज दोनदा हाताळली होती.

डॉक्टरांना फोन करून त्यांनी सांगितल्याप्रमाणे गोळ्या बंद केल्यावर, डायलिसिस सुरू असताना आपण मला स्टुलावर बसवून जे समजावलेत, ते मला जसे कळले तसे इथे लिहिते. ट्रॅमाडॉलचे यकृतात रूपांतर होते आणि त्यातून तयार होणारा पदार्थ मूळ औषधापेक्षाही जोरकस असतो. हे दोन्ही शरीराबाहेर टाकण्याचे काम मुख्यतः मूत्रपिंडांचे. ज्याची मूत्रपिंडे ठीक आहेत त्याला साध्या गोळ्यांतून दिवसाला ४०० मिलिग्रॅमपर्यंत हे औषध देता येते. क्रिएटिनिन क्लिअरन्स, म्हणजे मूत्रपिंडांची रक्त गाळण्याची क्षमता, मिनिटाला ३० मिलिलिटरच्या खाली गेलेल्यांना दोन मात्रांमध्ये १२ तासांचे अंतर ठेवून दिवसाची मर्यादा २०० वर आणावी लागते आणि डायलिसिसवरच्या माणसाला त्याहूनही कमी. सावकाश विरघळणारी एसआर गोळी तर अशांना देऊच नये, कारण चुकले असे लक्षात आल्यानंतरही ती आत कित्येक तास झिरपत राहते. साठलेल्या ट्रॅमाडॉलने फिट येऊ शकते, हे ऐकल्यावर रविवारचा तो सांडलेला चहा माझ्या डोळ्यांसमोर आला.

प्रीगॅबालिनची गोष्ट तर आणखी सरळ निघाली. ते जवळजवळ सगळे आहे तसे लघवीवाटेच जाते आणि चार तासांच्या डायलिसिसमध्ये रक्तातले त्याचे प्रमाण निम्म्याने उतरते. आमचे शुक्रवारचे डायलिसिस चुकले म्हणजे त्याला बाहेर पडण्याची एकमेव मोठी वाट बंद झाली आणि आम्ही वरून रोज दोन गोळ्या घालत राहिलो. अशी गोळी आणि ट्रॅमाडॉलसारखे अफूच्या जातीचे औषध एकत्र आले की गुंगी वाढते आणि श्वास मंदावतो, म्हणून ही जोडी मूत्रपिंडाच्या रुग्णात फार सांभाळून वापरायची, असे आपण म्हणालात.

त्या दिवशी डायलिसिसनंतर अण्णा बरेच जागे झाले, पण हातांचे झटके राहिले होते. घरी न्यायची मला घाई होती आणि आपण नेऊ दिले नाहीत. श्वास फारच मंदावला तर नॅलॉक्सोन हा उतारा देता येतो, पण त्याचा असर तासाभरात ओसरू शकतो आणि साठलेले औषध मागे उरते, म्हणून एक रात्र नजरेखाली राहिलेले बरे, हे आपण पटवून दिलेत. त्या रात्री इंजेक्शनची गरज पडली नाही. बुधवारी सकाळी अण्णांनी पेज मागितली.

मी आपली खरी ऋणी आहे ती त्यापुढच्या गोष्टीसाठी. घाबरून मी ठरवून टाकले होते की आता दुखण्यावरची एकही गोळी घरात आणायची नाही, अण्णांनी सोसायचे. तेव्हा पहिल्यांदा आपला आवाज चढला. दुखले की माणूस कूस बदलत नाही, खोल श्वास घेत नाही, जेवत नाही, मग छातीत कफ साठतो आणि पाठीला जखमा होतात. वेदना सोसायला लावणे हा उपचार नाही, असे आपण म्हणालात. डायक्लोफिनॅकसारखी ‘साधी’ गोळी किंवा इंजेक्शन घेऊ का, असे माझ्या नणंदेने विचारले, तेव्हा अण्णांना अजून दिवसाला जी थोडी लघवी होते तीही त्याने बंद पडू शकते, हेही आपणच सांगितलेत. मग डॉक्टरांनी ठरावीक वेळी पॅरासिटामॉल आणि त्यासोबत ब्युप्रेनॉर्फिनचा ताशी ५ मायक्रोग्रॅम सोडणारा पॅच लिहून दिला. हेही अफूच्याच जातीचे औषध, पण ते यकृतात मोडते आणि बहुतांशी पित्तावाटे बाहेर जाते, त्यामुळे बंद पडलेल्या मूत्रपिंडांची त्याला फारशी अडचण होत नाही.

पॅच म्हणजे औषध लावलेली चिकटपट्टी, सात दिवस अंगावर राहणारी. आपण ती पहिल्यांदा लावून दाखवलीत, पण दुसऱ्या रविवारी माझ्या हातून ती टिकेना. कारण आपण फोनवर एका प्रश्नात शोधलेत: ‘अण्णा अंगाला तेल लावतात का?’ पन्नास वर्षांचा खोबरेल तेलाचा नेम, तो कसा सुटेल! तेव्हापासून ती जागा साबण न लावता नुसत्या पाण्याने पुसून पूर्ण कोरडी करते, केस वस्तऱ्याने न काढता कात्रीने कापते आणि पट्टीवर तळहात अर्धा मिनिट दाबून धरते. एकदा वापरलेल्या जागी तीन आठवडे पुन्हा लावत नाही. कमरेला गरम पाण्याच्या पिशवीचा शेक द्यायला आलेल्या आत्याबाईंना मी आता पॅचपासून लांब ठेवते, कारण उष्णतेने औषध एकदम जास्त शोषले जाते. ताप आला तरी कळवायचे, हे त्याच कारणासाठी. काढलेली पट्टी चिकट बाजू आत घेऊन दुमडते आणि नातवंडांच्या हाती लागणार नाही अशी टाकते.

अफूच्या जातीच्या औषधाने होणाऱ्या बद्धकोष्ठाचेही तसेच. शेजारणींनी केळी आणि शहाळे सुचवले, दोन्हींत पोटॅशियम, जे अण्णांच्या रक्तात साठून राहते. दुकानातले मॅग्नेशियमचे पांढरे औषध मूत्रपिंडाच्या रुग्णाला चालत नाही. इसबगोलाला भरपूर पाणी लागते आणि अण्णांना पाणी मोजून. शेवटी डॉक्टरांना विचारून लॅक्ट्युलोज सुरू झाले, तेही तीन दिवस पोट साफ न झाल्यावर. दुखण्याचे औषध सुरू होते त्याच दिवशी पोटाचे औषध विचारायचे, हे आपण वहीच्या पहिल्या पानावर लिहून दिले होते आणि मी ते वाचले नव्हते.

त्या वहीत आता चार रकाने आहेत: गोळीची वेळ, दुखणे दहापैकी किती, झोपेतले श्वास, पोट. श्वास मिनिटाला दहाच्या खाली गेले किंवा हाक मारून, हलवून जाग आली नाही, तर वाट न पाहता १०८ ला फोन, असे लाल पेनाने आपणच लिहिले आहे. अण्णांना ही वही म्हणजे बँकेचे पासबुक वाटते. रोज संध्याकाळी ते माझ्याकडून ती वाचून घेतात आणि दुखण्याचा आकडा स्वतः सांगतात. काल चार सांगितला आणि पट्टा बांधून ते पडवीच्या तीन पायऱ्या उतरून खळ्यापर्यंत गेले.

उरलेल्या ट्रॅमाडॉलच्या गोळ्या येत्या मंगळवारी आपल्याकडे आणून देत आहे. घरात ठेवण्याची माझी तयारी नाही.

आपली कृतज्ञ,
अण्णांची धाकटी सून

ता. क. — आमच्या शेजारच्या काकूंनी मायेपोटी त्यांच्या दिवंगत यजमानांच्या उरलेल्या मॉर्फिनच्या गोळ्या अण्णांसाठी आणून दिल्या होत्या. त्यांना वाईट वाटू न देता परत कशा करायच्या, हे मी आपल्याला विचारले होते. आपण सुचवले तसेच सांगितले: काकांचा कर्करोग मोठा होता, पण मूत्रपिंडे चालू होती, म्हणून त्यांना मॉर्फिनने सुख मिळाले; अण्णांच्या अंगात मात्र मॉर्फिनचे यकृतात होणारे जोरकस रूप साठून राहील. काकूंना ते पटले. लगेच त्यांनी पावसाळी खोकल्यासाठी घरात असलेली कोडीनच्या औषधाची बाटलीही पिशवीतून काढून मला दाखवली आणि हे तरी चालेल का म्हणून विचारले. कोडीनचे शरीरात मॉर्फिनच होते, हे मला त्या वेळी आठवले, याचे श्रेय आपले.