बुवांवर लिहून बसलो

दादर, रविवार रात्र

प्रिय सुध्या,

आठ महिने पत्र नाही, शिव्या नंतर घाल. गुडघा तसाच, साखर तशीच. मी बुवांच्या मैफलीवर लिहिलं, आणि ते छापून आलं.

परवाच्या शनिवारी माटुंग्याला यमन राग गायले. आवाज थकलाय, त्याबद्दल मी अक्षर काढलं नाही. पण बंदिश दोनदा म्हणून बाजूला ठेवली आणि मग पाऊण तास ताना. टाळ्या तर विचारू नकोस. मी लिहिलं, 'ताना उरल्या, यमन उठून गेला.' वाक्य सुचलं तेव्हा स्वतःवरच खूश झालो होतो. तेच आता खातंय.

त्या जुन्या संगीतकार-समीक्षक केशवराव भोळ्यांवरून आपण इराण्याकडे तीन चहा भांडलो होतो ना? तू म्हणायचास, 'वसुंधरा' साप्ताहिकात 'एकलव्य' नावाआड दडून भल्याभल्या गवयांवर लिहिणं हा भेकडपणा. मी म्हणायचो, नाव झाकलं, कान नाही झाकला. (नावही काय घेतलं! तो एकलव्य गुरूला अंगठा देतो, हा बुजुर्गांवर बाण सोडतो.) काल रात्री वाटलं, दोघंही चुकलो. माणूस दडला कुठे होता? डॉक्टरकीचं शिक्षण सोडून गाण्यात पडला, १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा' नाटकाला चाली दिल्या, मग प्रभात फिल्म कंपनीत 'संत तुकाराम' सिनेमा. 'कुंकू'त तर पार्श्वसंगीतच ठेवलं नाही, घरातले-रस्त्यातले आवाज तेवढे. गरज नसेल तिथे सूर नको, हे स्वतःच्या कामात करून दाखवलं. म्हणजे दुसऱ्यांना झोडपलं आणि 'घ्या, आता मला झोडपा' म्हणून पुढ्यात येऊन बसला.

मी कुठे बसलोय? परळच्या गणपतीत भूपाचा अंतरा विसरलो, तू पेटीवर सावरून नेलंस, आणि त्यानंतर मी समीक्षक झालो. हस, हस.

बुवांकडच्या माईंचा गुरुवारचा फोन आला नाही. बुवांनी वाचलं असणारच, पेपर ते मागच्या पानापासून वाचतात. पंचाईत अशी की एकही शब्द मागे घ्यावासा वाटत नाही. यमन उठून गेला हे मला कळलं, ते कान तरी कुणाचे रे? त्यांनीच चार वर्षं नुसता नि-रे-ग घोटून घेतला.

तुझ्या घराचा रंग झाला का? लेकीचा निकाल लागला असेल, तिला शाबासकी सांग. वहिनींना नमस्कार.

उद्या संध्याकाळी जातोय बुवांकडे. तू रात्री त्यांना एक फोन कर. माझा विषय मात्र काढू नकोस. काढलास तरी चालेल.

तुझा,
नंदू