बाबांच्या डोळ्याचं ठरवून टाकलंय

ती. आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

फोनवर बाबा ‘बघू पुढे’ म्हणून विषय बदलतात, म्हणून लिहितेय. काचबिंदूच्या ऑपरेशनची तारीख मी घेतली. दिवाळीनंतरची आहे, आईचा फराळ बुडणार नाही. रागावू नका, आधी सगळं वाचा.

बाबा, वर्षानुवर्षं तुम्ही चष्म्याचा नंबर बदलत आलात. दुकानात खालची ओळ घडाघडा वाचलीत, मग शंका कुणाला येणार? काचबिंदूत समोरचं बराच काळ छान दिसतं, कडेचं आधी जातं. जिन्याची शेवटची पायरी चुकायची ती वयामुळे नव्हे. नजरेचा घेर मोजतात त्या फील्ड टेस्टच्या कागदावर खालच्या बाजूला काळा पट्टा आलाय, तेवढा भाग तुम्हाला दिसतच नव्हता.

ऑपरेशनची घाई मी करत नाहीये हो. डोळ्याचं प्रेशर साधारण १० ते २१ असतं. तुमचं ड्रॉप्स चालू असूनही २६. औषध लागू पडत नाही असं म्हणण्याआधी डॉक्टरांनी तुम्हाला समोर थेंब घालायला लावलं, आठवतं? निम्मा गालावर ओघळला. मग आई घालायला लागली, तरी आकडा हलला नाही. टिमोलॉलचे थेंब तुमच्या दम्याला चालत नाहीत. लेझरही झालं. मोरी तुंबल्यासारखं डोळ्यातलं पाणी आत साचतंय, म्हणून वरच्या पापणीखाली त्याला बारीकशी वाट करून देतात. गेलेली नजर याने परत येणार नाही, हे मी लपवत नाही. जी आहे ती टिकावी, एवढ्यासाठीच सगळं. त्यानंतर पुन्हा पुन्हा दाखवायला जावं लागतं, म्हणून दोघांनीही इकडेच राहायचं.

खालची खोली तुमची. कमोड आहे, बाथरूममध्ये दांडी बसवली, पलंगाशी दिवा आहे. रेडिओ आणलाय. आई, तुझा बाळकृष्ण घेऊन ये, पूर्वेकडचा कोनाडा रिकामा केलाय. तुळशीला पाणी वहिनी घालेल.

बाबा, लहानपणी माझे डोळे आले की तुम्ही कोमट पाण्यात कापूस बुडवून चिकटलेल्या पापण्या सोडवायचात. मी भोकाड पसरायचे आणि तुम्ही ‘झालं गं, झालं, एवढंच’ म्हणत राहायचात. या वेळी कापूस माझ्या हातात राहू द्या.

आता ऐका. तारखेपर्यंत ड्रॉप्स एक दिवसही चुकवायचे नाहीत. दोन औषधांमध्ये पाच मिनिटं जाऊ द्यायची, थेंब घातल्यावर डोळा मिटून नाकाजवळचा कोपरा बोटाने दाबून धरायचा. शीर्षासन बंद, अगदी बंद. डोळ्यात मध नाही, गुलाबपाणी नाही, शेजारच्या काकांचे ड्रॉप्स तर मुळीच नाहीत. त्यात स्टेरॉइड असलं तर प्रेशर वाढतं. रक्त पातळ करायची गोळी मनाने थांबवायची नाही, मी डॉक्टरांना विचारते. नंतर काही आठवडे वाकायचं नाही, जड उचलायचं नाही, डोक्यावरून अंघोळ नाही. आई पाठ चोळून देईल, लाजू नका.

आणि हे घराण्यात येतं. माझी तपासणी झाली, प्रेशर ठीक आहे. दादाला आणि आत्याला तुम्ही सांगा, तुमचं ऐकतील. नुसता चष्म्याचा नंबर नको; प्रेशर आणि डोळ्याची नस दोन्ही बघून घ्या म्हणावं.

येताना पंप, गोळ्या आणि जुन्या सगळ्या फायली आणा. चष्म्याच्या चिठ्ठ्यासुद्धा. आई, त्या कपाटात वरच्या डब्यात आहेत. स्टुलावर चढू नकोस, दादाला काढायला सांग.

तुमची,
चिमी