राखीव दल आणि वेळेचा हिशेब

मा. संपादक,

रणांगणावरील निर्णयांबद्दल लिहिताना सेनानीच्या धाडसाचे कौतुक होते, वेळेचा हिशेब मात्र राहून जातो. हल्ल्याला सहा तास असतील तर स्वतःच्या नियोजनाला दोनच घ्यावेत, चार खालच्या तुकड्यांना सोडावेत, असा लष्करी नियम आहे. त्यांनाही टेहळणी, दारूगोळ्याचे वाटप, हुकूम समजावणे असतेच. वरच्यांनी पाच तास खाल्ले, तर चांगली योजनाही जमीन न पाहता राबवावी लागते.

त्याहून अवघड असते अर्धवट खबर. ४ जून १९४२ रोजी पॅसिफिक महासागरातील अमेरिकेच्या ताब्यातील मिडवे बेटाजवळ जपानी अॅडमिरल नागुमो यांनी शत्रूच्या जहाजांसाठी राखून ठेवलेली विमाने बेटावरील दुसऱ्या हल्ल्यासाठी वळवली. टॉर्पेडो उतरवून बॉम्ब चढवायला सांगितले. तेवढ्यात शत्रूची जहाजे दिसल्याची खबर आली, पण त्यांत विमानवाहू नौका आहे का, हे कळेना. त्यात इंधन संपत आलेली विमाने परतत होती, ती उतरवून घेणे भाग होते. प्रतिहल्ला लांबला आणि सकाळी साडेदहाच्या सुमारास त्यांच्याच तीन विमानवाहू नौका पेटल्या.

म्हणूनच राखीव दल, म्हणजे ऐन वेळेसाठी मागे राखलेले बळ, कोणत्या खबरेवर सोडायचे, हे लढाईपूर्वीच लिहून ठेवावे; आणि ते वापरले की ताबडतोब दुसरे उभे करावे, भले ते लहान का असेना.