‘स्क्रू घट्ट करा’ हे उत्तर आता चालणार नाही

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक सेवा विभाग

विषय : एअर रायफलवर स्कोप (नेमाची दुर्बीण) धरून ठेवणाऱ्या माउंटची स्टॉप पिन रायफलच्या पाठीवरच्या रेलच्या भोकात न बसणे, माउंट मागे सरकणे, आणि आज फोनवर मिळालेली वागणूक.

दि. ४ डिसेंबर

आज सकाळी ११ वाजून ४० मिनिटांनी तुमच्या सेवा केंद्राशी माझं चौथ्यांदा बोलणं झालं. पाचवा फोन मी करणार नाही, म्हणून हे लिहितो आहे.

रायफल तुमची, माउंट तुमचा, स्कोपही तुमच्याच यादीतला. रायफल ४.५ मिमीची, नळी मोडून भरायची, स्प्रिंगची. बिल आणि बॅच नंबर सोबत जोडले आहेत. स्प्रिंगची रायफल दोनदा झटका देते आणि पिस्टन थांबतानाचा दुसरा झटका स्कोपला मागे सरकवतो, हे तुम्हाला मी सांगायची गरज नाही. त्याचसाठी तुम्ही रेलमध्ये तीन भोकं पाडली आणि माउंटच्या पोटात स्टॉप पिन दिली. माझी तक्रार एवढीच आहे की ती पिन त्या भोकात जात नाही.

व्हर्नियरने, म्हणजे बारीक माप घ्यायच्या पट्टीने, घेतलेलं मोजमाप देतो. रेल ११ मिमी, बरोबर. रेलच्या खाचा पकडणारे माउंटचे जबडे त्याच मापाचे, तेही बरोबर. रेलमधलं भोक २.९ मिमी. पिन ३.४ मिमी. तिन्ही भोकं मोजली, पिन फिरवून चार बाजूंनी मोजली. अर्धा मिलिमीटर जास्त आहे. पिन खाली सोडली तर माउंट पिनेवरच उभा राहतो, जबडे खाचेत उतरत नाहीत. पिन वर घेतली तर सगळा भार स्क्रूच्या पकडीवर येतो आणि माउंट सरकतो. तुमच्या खोक्यावर मात्र याच मॉडेलचं नाव छापून ‘स्टॉप पिनसह’ असं लिहिलं आहे. ते वाचूनच मी १,४५० रुपये भरले.

बसवण्यात माझीच चूक असणार, असं तुमची चारही माणसं धरून चालली. म्हणून कसा बसवला तेही लिहितो. रेलच्या दोन्ही खाचा पेट्रोलमध्ये भिजवलेल्या फडक्याने पुसल्या, कोपऱ्यातलं तेल दात घासायच्या जुन्या ब्रशने काढलं. माउंट ठेवून जबड्यांचे स्क्रू आळीपाळीने पाव पाव फेरा आवळले. अंगणातल्या कडुनिंबाला गवंड्याचा ओळंबा टांगला, रायफल वाळूच्या पिशव्यांवर सरळ ठेवली आणि स्कोपमधली उभी रेघ ओळंब्याच्या दोरीशी जुळवली. डोळा आणि काच यांच्यात आठ सेंटीमीटर अंतर ठेवलं. स्कोप धरणाऱ्या वरच्या कड्यांचे स्क्रूही तिरपे तिरपे, एका वेळी पाव फेराच आवळले. हे सगळं करायला मला अख्खी दुपार लागली, कारण मला ते नीट करायचं होतं.

मग माउंटच्या मागे रेलवर पांढऱ्या पेन्सिलीने एक रेघ ओढली. दहा छर्ऱ्यांनंतर माउंट त्या रेघेवर चढला. तीस छर्ऱ्यांनंतर २ मिमी मागे. साठ झाले तेव्हा ५ मिमी मागे, आणि रेलच्या काळ्या रंगावर दोन चकचकीत ओरखडे. हे ओरखडे फोटोत दिसतात. माउंट सरळही सरकत नाही. एका बाजूचा जबडा आधी सैल होतो आणि स्कोप किंचित तिरपा होतो. सुरुवातीला १० मीटरवरून पाच छर्रे एका रुपयाच्या नाण्याखाली झाकले जात होते. चाळीस छर्ऱ्यांनंतर तोच नेम चार बोटं डावीकडे. स्कोपचा नेम सरकवायच्या चकतीची एक टिकटिक १० मीटरला पाऊण मिलिमीटरसुद्धा हलवत नाही. चार बोटं भरून काढायला किती टिकटिक लागतील आणि पुढच्या दहा छर्ऱ्यांनंतर त्या परत किती लागतील, हे तुमच्या इंजिनीयरांना समजेल.

स्कोप मी हौसेसाठी घेतला नाही. दोन वर्षांपूर्वी उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. तेव्हापासून मागची साइट, पुढची साइट आणि कागद, तिन्ही एकाच वेळी स्पष्ट दिसत नाहीत. नेमबाजी मी विशीपासून करतो. सकाळी वावरात जायच्या आधी पंचवीस छर्रे, हा माझा रोजचा नेम आहे. ४५.५ मिमीच्या वर्तुळाचे स्पर्धेचे कागद मी पोस्टाने मागवतो. स्पर्धेला मी कधी गेलो नाही आणि तिथे दुर्बीण चालतही नाही. पण १ ऑगस्ट २०२४ ला स्वप्नील कुसाळेने पॅरिस ऑलिम्पिकमध्ये नेमबाजीचं कांस्यपदक घेतलं तेव्हा आमच्या ओट्यावर गावातली वीस पोरं जमली होती. त्यातली चार आता दर रविवारी माझ्याकडे येतात. त्यांना मी आधी सांगतो ते हे की, छर्रा कुठे जाणार हे माहीत नसेल तर घोड्यावर बोट ठेवायचं नाही.

आणि आता मलाच ते माहीत नसतं. माझ्या निशाणाच्या मागे मातीचा ढीग आहे, त्याच्यामागे धुरा (बांध), आणि धुऱ्यापलीकडे शेजाऱ्याची पऱ्हाटी. सध्या तिथे बायका कापूस वेचताहेत. १६ नोव्हेंबरला एक छर्रा मातीचा ढीग चुकवून गोठ्याच्या टिनावर वाजला. गाय दावं तोडायला लागली. त्या दिवसापासून मी रायफल उचलली नाही आणि रविवारच्या पोरांना परत पाठवतो आहे.

आता फोनांबद्दल.

१२ नोव्हेंबरच्या पहिल्या फोनवर सांगितलं, स्क्रू घट्ट करा. केले. १८ तारखेला दुसऱ्या माणसाने सांगितलं, रेलवर दोन पदर सेलोटेप लावा आणि स्क्रू घट्ट करा. ११ मिमीच्या रेलवर सेलोटेप लावायला सांगणारी कंपनी मी पहिल्यांदा पाहिली. २५ तारखेला एका बाईंनी पिनेची गोष्ट निदान ऐकून घेतली आणि म्हणाल्या, ‘मग पिन थोडी घासून घ्या.’ मी विचारलं, घासल्यावर वॉरंटी राहील का? त्यांनी मला थांबवून ठेवलं, परत आल्या आणि म्हणाल्या, ‘नाही सर, वस्तूत बदल केला तर वॉरंटी संपते. तुम्ही स्क्रू घट्ट करून पाहा.’ पिन घासणं हे माझं दहा मिनिटांचं काम आहे. पण तुमच्या चुकीच्या मापाची दुरुस्ती मी माझ्या कानशीने करायची आणि वॉरंटीही मीच गमवायची, हे मला मान्य नाही.

आजचा फोन सविस्तर लिहितो, कारण तो तुमच्याकडे रेकॉर्ड झालेला असणार आणि तुम्ही तो ऐकावा अशी माझी मागणी आहे.

आमच्या घरात रेंज नसते. गोठ्यामागच्या बाभळीपाशी उभं राहिलं तर दोन दांड्या येतात. मी सतरा मिनिटं तिथे उभा होतो. मला कमी ऐकू येतं, म्हणून फोन स्पीकरवर होता. पुतण्या बैलबंडीला ग्रीस लावत होता, त्याची आई चहा घेऊन आली होती. तुमच्या माणसाने फोन घेतला. मी तक्रार क्रमांक सांगितला, मापं सांगितली, २.९ आणि ३.४.

तो म्हणाला, ‘काका, तुम्ही कुठून बोलताय?’

मी म्हणालो, यवतमाळ जिल्हा, आर्णी तालुका.

‘म्हणजे खेडेगावातून?’

मी हो म्हणालो.

‘शेती करता?’

मी हो म्हणालो. मला वाटलं, पार्सल कुठे पाठवायचं ते विचारतो आहे.

‘मग असं करा काका, घरात कोणी शिकलेलं असेल तर त्यांना फोन द्या. हा माउंट आहे, शेतातलं अवजार नाही. याला हातोडा चालत नाही.’

मागे कोणीतरी हसलं. स्पष्ट ऐकू आलं. बाभळीखाली उभ्या असलेल्या तिघांनाही ऐकू आलं.

मी त्याला सांगितलं की मी आयटीआयचा फिटर आहे, ३१ वर्षं एसटीच्या वर्कशॉपमध्ये काम केलं आहे, आणि हातोडा मी काढलेलाच नाही. त्यावर तो म्हणाला, ‘बरं, रायफलचा परवाना आहे का तुमच्याकडे? नसेल तर ही तक्रार तुम्हालाच महागात पडेल.’ २०१६ च्या शस्त्र नियमांप्रमाणे ४.५ मिमीच्या आणि २० ज्यूलच्या आतल्या एअर रायफलला परवाना लागत नाही. हे तुमच्याच माहितीपत्रकात पहिल्या पानावर छापलं आहे. विकताना ज्या गोष्टीची जाहिरात करता, तिचाच तक्रार आल्यावर धाक घालता?

पुतण्या ग्रीसचा हात तसाच ठेवून उठला. म्हणाला, ‘मोठेबाबा, ठेवा ना तो फोन. काऊन आयकून घेता?’ मी फोन ठेवला. चहा मला प्यायला गेला नाही.

शेती करणाऱ्या माणसाला व्हर्नियर वाचता येत नाही, असं तुमच्या कंपनीत शिकवतात का, याचं उत्तर मला लेखी हवं आहे. तुमच्या सेवा केंद्रात मापं समजणारं कोणी असेल तर हे पत्र त्यांच्या हातात द्या. २.९ चं भोक, ३.४ ची पिन. चार फोनांत हे दोन आकडे एकानेही लिहून घेतले नाहीत.

मला याचा जास्त त्रास का होतो, तेही सांगतो. माझ्या वडिलांकडे तुमच्याच कंपनीची एअर गन होती. पिस्टनचं चामड्याचं वॉशर झिजलं की वडील तुम्हाला पोस्टकार्ड टाकायचे. पंधरा-वीस दिवसांत लिफाफा यायचा. आत तेल लावून कागदात गुंडाळलेली दोन वॉशर, आणि शाईने लिहिलेली एक ओळ : ‘बसवण्यापूर्वी रात्रभर तेलात ठेवावे.’ ती चिठ्ठी वडिलांनी बंदुकीच्या पेटीत जपून ठेवली होती, अजून माझ्याकडे आहे. त्या माणसाने माझ्या वडिलांना शिक्षण विचारलं नव्हतं. दुकानदार दुसऱ्या कंपनीची रायफल स्वस्तात देत होता, तरी मी तुमची घेतली ती त्या चिठ्ठीमुळे.

माझ्या मागण्या. २.९ च्या भोकात बसेल अशी पिन असलेला माउंट पाठवा, किंवा माउंटचे १,४५० रुपये परत करा. पार्सल घरपोच हवं. कुरिअर आमच्या गावात येत नाही म्हणून मागच्या वेळी मी आर्णीला दोन चकरा मारल्या, तिसरी मारणार नाही. रेलवर पडलेल्या ओरखड्यांचं काय करणार ते कळवा. या बॅचचे माउंट आणखी ज्यांना विकले असतील त्यांना पिनेच्या मापाबद्दल कळवा. सगळ्यांच्या निशाणामागे मातीचा ढीग असेलच असं नाही. आणि आजचं रेकॉर्डिंग ऐकून लेखी माफी मागा. माफी माझ्या नावाने पाठवा, ‘प्रिय ग्राहक’ म्हणून नको.

हे पत्र स्पीड पोस्टाने पाठवतो आहे. पोच मिळाल्यापासून १५ दिवस वाट पाहीन. त्यानंतर १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर नोंद करीन आणि यवतमाळच्या जिल्हा ग्राहक आयोगात जाईन. २०१९ च्या कायद्याप्रमाणे ग्राहक राहतो त्या जिल्ह्यात तक्रार करता येते आणि एवढ्या रकमेला फी लागत नाही. वकील मी करणार नाही. माउंट, रायफल आणि व्हर्नियर घेऊन स्वतः उभा राहीन.

माउंट मी काढून ठेवला आहे, पिन घासलेली नाही. तुमचा माणूस येऊन मोजणार असेल तर कधीही येऊ द्या. सकाळी दहानंतर मी वावरात असतो, धुऱ्यावरून हाक मारली की येतो.

(सही)
ता. आर्णी, जि. यवतमाळ

सोबत : बिलाची प्रत, खोक्यावरच्या मजकुराचा फोटो, पिन आणि भोक व्हर्नियरवर मोजतानाचे फोटो, रेलवरच्या ओरखड्यांचे फोटो, पहिल्या आणि चाळिसाव्या छर्ऱ्यानंतरचे निशाणाचे कागद.