रात्री दीड वाजता गाडी काढणाऱ्या माएस्त्रोंना

माएस्त्रो,

नमस्कार.

तुमच्याकडे ड्रायव्हरला आदरानं 'माएस्त्रो' म्हणतात. आपण गवंड्याला किंवा गायकाला उस्ताद म्हणतो, तसंच. तीन दिवस मी तुम्हाला त्याच नावानं हाक मारली, त्यामुळे पत्रातही तेच. खरं नाव लिहीत नाही, कारण ते चारचौघांत वाचलेलं तुम्हाला आवडणार नाही हे मला ठाऊक आहे. स्पॅनिशमध्ये एक लहान पत्र तुम्हाला आधीच पाठवलंय. पण आईबद्दल जे मनात आहे ते मला मराठीतच नीट सांगता येतं, आणि ते आपल्या माणसांनीही वाचावं असं वाटतं. म्हणून हे दुसरं, उघडं पत्र.

आपली भेट झाली ती चिली आणि बोलिव्हियाच्या सीमेवर, इतो काहोनच्या चौकीपाशी. जुलै महिना, म्हणजे तुमच्याकडचा ऐन हिवाळा. सान पेद्रो दे आताकामाहून निघालेल्या व्हॅननं आम्हाला तासाभरात २,४०० मीटरवरून जवळजवळ ४,५०० मीटरवर आणून सोडलं होतं. वारा असा, की पासपोर्ट हातात धरवेना. तुम्ही जीपच्या टपावर चढून सगळ्यांच्या बॅगा ताडपत्रीखाली बांधत होतात. तिथूनच तुम्ही खाली आईकडे पाहिलंत आणि मला विचारलंत, "मामितानं किती रात्री उंचावर काढल्यात?"

मी म्हटलं, एकही नाही.

तुम्ही काही बोलला नाहीत. पण खाली उतरल्यावर पुढच्या सीटवर बसलेल्या ब्राझीलच्या मुलाला उठवून आईला पुढे, तुमच्या शेजारी बसवलंत. मला वाटलं, वयाचा मान. आई तेव्हा ६३ वर्षांची होती. तुम्हाला ती सतत नजरेसमोर हवी होती, हे मला फार उशिरा कळलं.

त्या दिवशी तुम्ही जे दाखवलंत त्याबद्दल जन्मभर आभार मानले तरी थोडेच. लिकांकाबूरच्या पायथ्याशी हिरवा तलाव, लागुना व्हेर्दे. त्याचा रंग पाण्यातल्या खनिजांमुळे आहे आणि त्यात आर्सेनिक असतं, म्हणून तिथे फ्लेमिंगो नाहीत, हे तुम्ही सांगितलंत. मग सोल दे मान्याना, जवळपास ४,८५० मीटरवर. जमिनीच्या भेगांतून वाफ फुसफुसत वर येतेय, राखाडी चिखल रटरट उकळतोय, आणि तुम्ही आम्हाला हाताला धरून नेमक्या कुठल्या दगडावर पाय ठेवायचा ते सांगताय. तिथे ना कठडा, ना पाटी. दुपारी लागुना कोलोरादा. पाण्यातल्या शेवाळामुळे आख्खा तलाव विटेसारखा लाल, मध्येच बोरॅक्सची पांढरी बेटं, आणि त्यात हजारोंनी फ्लेमिंगो. अँडीज पर्वतात सापडणाऱ्या तिन्ही जातींचे फ्लेमिंगो तिथे एकत्र दिसतात. त्यातली एक, जेम्स फ्लेमिंगो, विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत नामशेष झाली असं जग समजत होतं. ही गोष्ट सांगताना तुम्ही हसलात आणि म्हणालात, "माझ्या आजोबांना कुणी विचारलंच नाही."

आई तोवर गप्प झाली होती. डोकं दुखतंय म्हणत होती. दुपारी तुम्ही जीपच्या डिकीतून काढलेलं जेवण, किन्वा आणि उकडलेले बटाटे, तिनं चमचाभर खाल्लं आणि उलटून टाकलं. उंचावरच्या विरळ हवेनं होणाऱ्या या त्रासाला तुमच्या भाषेत सोरोचे म्हणतात. तुम्ही तिला कोकाच्या पानांचा चहा दिलात, पण सोबत हेही बजावलंत की हा चहा पोटाला बरा वाटावा म्हणून आहे, उंचीचा इलाज म्हणून नाही. हे मी इथे मुद्दाम लिहितेय. आपल्याकडचे कितीतरी जण तो चहा प्यायला की झालं, असं समजून जातात.

रात्रीचा मुक्काम तलावाजवळच्या वस्तीवर होता, ४,३०० मीटरवर. तिथे हवेचा दाब समुद्रकाठच्या साधारण साठ टक्के असतो, म्हणजे प्रत्येक श्वासात ऑक्सिजनही तेवढाच. ३,००० मीटरच्या वर गेल्यावर झोपायची उंची रोज ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवू नये, हा डॉक्टरांचा साधा नियम. आम्ही एका दिवसात १,९०० मीटर चढून तिथे झोपायला गेलो होतो. ज्यांनी आम्हाला ही सहल विकली, त्यांनी "थोडा थकवा येईल" एवढंच सांगितलं होतं. मीही पुढे विचारलं नाही. फोटो पाहिले आणि पैसे भरले.

दीड वाजता आई उठली. भिंतीला धरून चालायला लागली आणि मला माझ्या मावशीच्या नावानं हाक मारली. मावशीला जाऊन सहा वर्षं झालीत. मला वाटलं, झोपेत आहे. उजाडेपर्यंत थांबू, असं मनाशी ठरवलंही होतं. तरी तुमचं दार वाजवलं, कारण एकटीनं थांबायचं धाडस होईना.

तुम्ही कानटोपी घालत बाहेर आलात. आईला हाताला धरून उभं केलंत आणि जमिनीवरच्या फरश्यांच्या जोडावरून, एका पायाच्या टाचेला दुसऱ्याचा अंगठा लावत चालायला सांगितलंत. दुसऱ्याच पावलाला ती कलली. तुम्ही तिला सावरलंत आणि एकच शब्द बोललात, "बाहामोस."

खाली उतरूया.

मी म्हटलं, बाहेर उणे पंधरा आहे, अंधार आहे, बाकीच्या चौघांचं काय, सकाळी निघालं तर? तुम्ही माझ्याकडे न बघता बॉनेटवर टाकलेली घोंगडी काढत होतात. म्हणालात, चालताना तोल गेला म्हणजे आता डोक्यात सूज येतेय. याला औषध एकच, उतार. सकाळ नाही.

नंतर मी वाचलं तेव्हा समजलं की तुम्ही शब्दन् शब्द बरोबर होतात. डोकेदुखी आणि उलटी इथवर विश्रांती घेऊन वाट पाहता येते. तोल जायला लागला किंवा माणूस असंबद्ध बोलायला लागला, की काही तासांत जिवावर बेततं. हे तुम्ही कुठल्या पुस्तकात वाचलं नव्हतं. कुठे शिकलात, हे मी वाटेत विचारलं. तुम्ही बराच वेळ गप्प राहिलात. मग म्हणालात, एकदा मी सकाळची वाट पाहिली होती. मी पुढे काही विचारलं नाही.

दहा मिनिटांत तुम्ही त्याच वस्तीवर झोपलेल्या दोघा ड्रायव्हरांना उठवलंत आणि आमच्या चार सहप्रवाशांना दोन-दोन करून त्यांच्या गाड्यांत जागा मिळवून दिलीत. त्या दोघांचेही आभार. त्यांनी कपाळाला आठी न घालता मान हलवली. तुमच्या त्या वाळवंटात एकाची अडचण ही सगळ्यांची असते, हे त्या रात्री मी डोळ्यांनी पाहिलं. गाडीत एक लहान ऑक्सिजनचा नळकांडा होता. तो कसा लावायचा, किती वेळ पुरवायचा, ते मला दाखवलंत. आणि तीच घोंगडी आईच्या पायांवर घातलीत.

मग पाच-साडेपाच तास. त्या रस्त्याला रस्ता म्हणावं का, मला माहीत नाही. खडीत उमटलेल्या चाकांच्या दहा-बारा वाटा एकमेकींतून फुटतात, पुन्हा मिळतात, दिवा नाही, खूण नाही. एकदाही तुम्ही थांबून विचार केला नाहीत. दर थोड्या वेळानं मात्र आईशी बोलत होतात. "मामिता, तुझ्या मुलीचं नाव काय? मामिता, घरी कोण असतं?" मी मराठीत सांगायचे, ती उत्तर द्यायची, मी तुम्हाला सांगायचे. मला वाटत होतं तुम्ही तिला धीर देताय. तुम्ही तिची उत्तरं तपासत होतात. विल्या मार मागे पडलं, अलोता आलं, आणि तिथे आईनं विचारलं, "हा एवढा का बडबडतोय गो?" तुम्हाला मी त्याचं भाषांतर करून सांगितलं. स्टिअरिंगवरचा एक हात काढून तुम्ही छातीवर क्रूस केलात. तेव्हा मला रडू आलं. आजवर तुम्हाला हे सांगितलं नव्हतं.

सूर्य उगवता उगवता उयुनी. ३,६०० मीटरच्या जरा वर, म्हणजे तसं उंचच, पण जिथे झोपलो होतो त्याहून सहाशे मीटर खाली. दवाखान्यात आईला ऑक्सिजन आणि सूज उतरवायचं इंजेक्शन दिलं. दुपारी ती उठून बसली आणि तिनं भात मागितला. डॉक्टर म्हणाले, रात्री आणलंत म्हणून. मी वळून पाहिलं तर तुम्ही बाहेरच्या बाकावर बसल्या बसल्या झोपला होतात, बूट चिखलानं भरलेले.

जादा पैसे तुम्ही घेतले नाहीत. डिझेलचे तेवढे घेतलेत, तेही पावती दाखवून.

इथे माझ्या मनातली दुसरी गोष्ट सांगते. आम्ही उरणकडचे, मिठागरवाले. माझे आजोबा भरतीचं पाणी वाफ्यांत घेऊन मीठ पिकवायचे, आणि आई लहानपणी डोक्यावरच्या टोपल्यांतून ते रास घालायच्या जागी वाहायची. खाऱ्या पाण्यानं चिरलेल्या तळपायांच्या खुणा तिच्या पायांवर अजून आहेत. ती मिठागरं आता भरावाखाली गेली. जगातलं सगळ्यात मोठं मिठाचं मैदान पाहायचं, हा हट्ट तिचाच होता. तिथवर पोचून ते न पाहता परतायचं, असं मी मनाशी ठरवून टाकलं होतं.

तिसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही दारात हजर. म्हणालात, डॉक्टरांना विचारलंय, सालार, म्हणजे ते मिठाचं मैदान, उयुनीच्याच उंचीवर आहे, चढण नाही. मामिताला संध्याकाळपर्यंत परत आणतो.

कोल्चानीच्या बाहेर मीठ खरवडून घातलेल्या शंकूसारख्या राशी दिसल्या, पाणी निथळायला ठेवलेल्या, आणि आई गाडी पुरती थांबायच्या आत म्हणाली, "अगो, ही त आपली मिठागरं!" ती खाली उतरली. फावडं घेऊन काम करणाऱ्या बाईजवळ गेली, मूठभर मीठ उचललं, दोन बोटांत चोळलं, जिभेवर ठेवलं. दोघींना एकमेकींचा एक शब्द कळत नव्हता. आईनं आपले तळपाय दाखवले. त्या बाईनं आपले हात दाखवले. तुम्ही आणि मी मागे उभे होतो, आणि तुम्ही टोपी काढून हातात घेतली होती.

दहा हजार चौरस किलोमीटरहून मोठं ते मैदान, आणि या टोकापासून त्या टोकापर्यंत उंचीत जेमतेम मीटरभराचा फरक. समुद्र नाही, भरती नाही. हजारो वर्षांपूर्वीचे तलाव आटले आणि त्यांचं मीठ मागे राहिलं, हे तुम्ही समजावून सांगितलंत. मग म्हणालात, शाळेतल्या बाई असं सांगायच्या, पण आजी वेगळं सांगायची. तुनुपा हा ज्वालामुखी म्हणजे एक बाई. तिचं तान्हं तिच्यापासून हिरावलं गेलं, तेव्हा तिचं दूध आणि तिचे अश्रू मिसळून हे मैदान झालं. आईनं गोष्ट ऐकून घेतली, तुनुपाकडे तोंड करून हात जोडले. पाणी प्यायच्या आधी तुम्ही चार थेंब जमिनीवर, पाचामामासाठी, म्हणजे धरणीमातेसाठी, सांडलेत. जेवायच्या आधी आमचे आजोबा चित्राहुती घालायचे, त्याची आईनं मला तेव्हाच आठवण करून दिली. दिवसभर ती तुमच्या शेजारी बसली होती. तुम्हाला दिशा कशी कळते हे तिला विचारायचं होतं आणि तुम्ही तुनुपाकडे बोट दाखवत राहिलात. कडेला मिठाचा पापुद्रा कुठे पातळ असतो, खालचं पाणी कुठे बुडबुडत वर येतं आणि गाडी कुठे रुतते, हेही तिनं विचारून घेतलं. वाफ्याच्या बांधावर पाय कुठे द्यायचा, याचं ज्ञान तिला होतंच.

आता हे वाचणाऱ्या आपल्या लोकांसाठी. या वाटेनं जायचं असेल तर शक्यतो उयुनीकडून सुरुवात करा. तिथे दोन-तीन रात्री राहा, मग वर जा आणि सान पेद्रोला उतरा. सान पेद्रोहून निघणार असाल तर वाटेतल्या पहिल्या मुक्कामाची उंची किती, हे पैसे भरायच्या आधी विचारा. गाडीत ऑक्सिजन आहे का, ते विचारा. ॲसिटाझोलामाइड या उंचीचा त्रास टाळायच्या औषधाबद्दल आपल्या डॉक्टरांशी बोला. आणि बरोबरचं माणूस तोल जाऊन चालायला लागलं, तर सकाळची वाट पाहू नका.

माएस्त्रो, आई ठणठणीत आहे. कोल्चानीचा मिठाचा खडा तिनं देवघरात ठेवलाय. एक गोष्ट मात्र राहिली. तुमची ती घोंगडी, लामाच्या लोकरीची, करड्या पट्ट्यांची, गडबडीत आमच्या बॅगेतून उरणला आली. आईनं ती हातानं धुतली, दोन दिवस सावलीत वाळवली आणि नॅप्थॅलिनच्या गोळ्या घालून ठेवलीय. रोज मला विचारते, पाठवलीस का? या हिवाळ्यात इथलं कुणी उयुनीला जाणार असेल, तर मला सांगा. घोंगडी त्यांच्या हाती देते. बरोबर तांदळाच्या पापड्यांचा डबा असेल. त्यात मीठ जरा जास्त वाटेल, आईच्या हातालाच ती सवय आहे.

तुमची,
मामिताची मुलगी