मर्च सर, थँक्यू म्हणायचं राहिलंच होतं

वॉल्टर मर्च सर, नमस्कार.

तुम्ही हॉलिवूडचे एवढे मोठे फिल्म एडिटर आणि साऊंड डिझायनर, हे पत्र तुमच्यापर्यंत पोचायचं नाही, पोचलं तरी मराठीत आहे, पण राहून गेलेलं थँक्यू डोक्यात खुटखुटत राहतं म्हणून लिहूनच टाकतोय.

मी पुण्यात एडिटिंग करतो आणि साऊंडही करतो. पहिली नोकरी जिथे होती तिथे दर महिन्याला ऐकून घ्यायचो, तू नक्की एडिटर की साऊंडवाला, एक काहीतरी धर, दोन दगडांवर पाय ठेवलास तर आपटशील. खरं सांगतो, मी साऊंड सोडणारच होतो. मग एका मित्राने तुमच्या एडिटिंगवरच्या पुस्तकाची झेरॉक्स दिली (माफ करा, नंतर विकत घेतलं) आणि तुमच्याबद्दल शोधत बसलो तर कळलं की 'द इंग्लिश पेशंट'साठी १९९७ मध्ये एकाच रात्री एडिटिंगचं आणि साऊंडचं, दोन्ही ऑस्कर तुम्हीच घेऊन गेलात. एडिटिंगचं ऑस्कर मिळालेला तो पहिला डिजिटल एडिट, अ‍ॅव्हिड ह्या कॉम्प्युटरवरच्या एडिटिंग सिस्टिमवरचा. त्याआधी 'अपोकॅलिप्स नाऊ'च्या साऊंडचं १९८० मध्ये मिळालेलंच होतं, वर त्याच पिक्चरच्या एडिटिंगचं नॉमिनेशनही. साडेबारा लाख फूट फिल्म होती म्हणे! आणि इथे मी चार तासांच्या फुटेजला रडत होतो.

सगळ्यात जास्त डोकं चक्रावलं ते ह्यामुळे, की साऊंडचा एवढा मोठा माणूस सीनची पहिली जुळणी आवाज बंद करून करतो, डायलॉगचा सीन असला तरी. मी करून बघितलं. स्वयंपाकघरातला सीन होता, आई ओट्याशी, मुलगा दारात, दोघं घर विकण्यावरून भांडतायत. म्यूट केल्यावर दिसलं की आई वाक्य संपायच्या आधीच गॅस बंद करायला हात नेतेय, म्हणजे तिचं भांडण तिथेच संपलंय. कट तिथे मारला, शेवटची दोन वाक्यं उडवली आणि नंतर तिथे फक्त कुकरची वाफ बसल्याचा आवाज ठेवला. कप कटच्या आधी उजव्या हातात होता आणि नंतर डाव्यात, पण कोणाच्याही लक्षात आलं नाही! कट कुठे मारायचा हे ठरवताना तुम्ही भावनेला ५१ टक्के महत्त्व दिलेत आणि जागेच्या सातत्याला ४, आमच्याकडे त्या ४ टक्क्यांवर अर्धा दिवस वाद चालतो.

मग ते वर्ल्डायझिंग, म्हणजे रेकॉर्ड केलेला आवाज खऱ्या जागेत वाजवून परत रेकॉर्ड करायचा. 'अमेरिकन ग्राफिटी'च्या वेळी तुम्ही आणि दिग्दर्शक जॉर्ज लुकास परसात गेलात, एकजण स्पीकर फिरवतोय, दुसरा लांब उभा राहून माईक फिरवतोय, का तर रेडिओवरची गाणी गावभर पसरल्यासारखी वाटावीत. आमच्या शॉर्टफिल्ममध्ये गल्लीतून येणारी आरती हवी होती, लायब्ररीतली आरती इतकी स्वच्छ की कानाशीच कोणी म्हणतंय असं वाटायचं. मामेभावाला ब्लूटूथ स्पीकर देऊन जिन्याखाली बसवलं आणि मी रेकॉर्डर घेऊन तिसऱ्या मजल्यावर. दुसऱ्याच टेकला पहिल्या मजल्यावरच्या आजी बाहेर आल्या, "अरे मे महिन्यात कसली आरती लावलीय रे?" त्यांचा आवाजसुद्धा मिक्समध्ये आहे, परवानगी घेऊनच.

पण खरं शिकवलंत ते 'टच ऑफ ईव्हिल'ने. त्या पिक्चरचा दिग्दर्शक ऑर्सन वेल्स याचा, बदल सुचवणारा ५८ पानांचा मेमो समोर ठेवून १९९८ मध्ये तुम्ही तो परत एडिट केलात, सुरुवातीच्या त्या लांबलचक शॉटवरची टायटलं आणि टायटल म्युझिक काढलंत आणि नुसती गाड्यांच्या रेडिओंतून, क्लबांतून येणारी गाणी ठेवलीत. शॉटला कात्री लागलीच नाही, तरी सीन अख्खा बदलला. आता हे एडिटिंग म्हणायचं की साऊंड, सांगा बरं? पहिल्या नोकरीतल्या साहेबांना हेच विचारायचं होतं, तेवढं मात्र राहिलं.

आणि हो, तुम्ही उभं राहून एडिट करता म्हणून मीही टेबलाच्या पायांखाली विटा लावल्यात. आमच्याकडे विटा कॉटखाली लावतात, खाली सामान बसावं म्हणून, त्यामुळे आईने महिन्याभरात टेबलाखाली दोन तांदळाचे डबे आणि जुना पंखा सरकवला. डब्यांना गुडघा लागला की झाकण वाजतं, तो आवाजही रेकॉर्ड करून ठेवलाय.

मनापासून थँक्यू, सर.

तुमचा,
दोन्ही दगडांवरचा एक