जादूच्या बासरीलाही फुंकर लागते

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

काल्पनिक जगातल्या कथांमध्ये जादूचे सुषिर, म्हणजे फुंकून वाजवायचे, वाद्य हमखास भेटते. नायक ते ओठांना लावतो आणि राक्षस झोपतो, कुलपे गळून पडतात, आटलेली नदी वाहू लागते. बासऱ्या घडवणाऱ्या आणि वाजवणाऱ्या आम्हा वाचकांची जादूला मुळीच हरकत नाही. पण हे वाद्य हवेवर चालते, याचा लेखकांना विसर पडतो आणि कथेतल्या उत्तम अडचणी वाया जातात.

पहिला सूरच घ्या. आडव्या बासरीत ओठांतून निघालेली हवेची पातळ पट्टी मुखरंध्राच्या, म्हणजे फुंकायच्या छिद्राच्या, पलीकडच्या कडेवर आपटावी लागते. कोन किंचित चुकला तरी नुसती फुसफुस होते. नवशिक्याचे सुरुवातीचे कित्येक दिवस यातच जातात. मग गुहेत बासरी सापडलेला पोर त्याच क्षणी अख्खी धून कशी वाजवेल? त्याच्या हाती अलगूज द्यावे. त्याच्या तोंडाशी असलेली फट हवेला आपोआप कडेवर नेते, त्यामुळे लहान मूलही सूर काढू शकते. शंखाचे आणि शिंगाचे तंत्र वेगळे, तिथे ओठच थरथरवावे लागतात. शंखातून सहजपणे एक-दोनच स्वर निघतात. त्यामुळे वेशीचा दरवाजा उघडायला शंख शोभतो, सात स्वरांचा मंत्र मात्र त्याच्यावर लादू नये.

आता आकार. दोन्ही टोकांना उघड्या नळीचा मूळ स्वर काढायचा तर ध्वनीच्या वेगाला नळीच्या दुप्पट लांबीने भागायचे. 20 अंश सेल्सिअसला हा वेग सेकंदाला सुमारे 343 मीटर असतो. म्हणजे अर्ध्या मीटरच्या नळीचा स्वर सुमारे 343 हर्ट्झ, अर्थात सेकंदाला तितकी कंपने. टोकांबाहेरची थोडी हवाही सोबत हलते, म्हणून प्रत्यक्षात तो जरा खाली येतो. याच हिशेबाने महाकाय दैत्याची नऊ मीटर बासरी सुमारे 19 हर्ट्झवर घुमेल. माणसाच्या कानाची खालची मर्यादा साधारण 20 हर्ट्झ. तो मूळ स्वर सूर म्हणून ऐकूच येणार नाही, छातीत मात्र धडधड होऊ शकेल. लेखकाला याहून चांगली जादू कुठे मिळेल?

बर्फाळ राज्यातल्या प्रसंगांवर थोडे सविस्तर लिहितो, कारण सर्वांत जास्त चुका तिथे दिसतात. शून्य अंशाला ध्वनीचा वेग 331 मीटरवर येतो. बासरीतली हवा तितकी गार असेल तर सूर निम्म्या अर्धस्वराहून (अर्धस्वर म्हणजे शेजारच्या दोन स्वरांमधले सर्वांत लहान अंतर) अधिक उतरतो आणि उच्छ्वासाच्या उबेने हळूहळू वर सरकतो. नेमक्या सुरावरच उघडणारे दार पहिल्या फुंकरीला उघडता कामा नये. बासरी आधी काही वेळ अंगरख्यात, अंगाशी धरून ठेवावी लागेल. खरा धोका तडकण्याचा असतो. आतली बाजू उच्छ्वासाच्या दमटपणाने फुगते, बाहेरची कोरड्या थंडीने आकसते आणि बांबू किंवा लाकूड उभे चिरते. चीर केसाएवढी असली तरी हवा गळते. ती खालच्या भागात असेल तर आधी मंद्रातले, म्हणजे खालच्या सप्तकातले, स्वर बिघडतात, वरचे काही काळ तग धरतात. शापाने बासरी मुकी होते असे लिहायचे असेल, तर ती अशी खालून वर, एकेक स्वर हरवत मुकी करा. उपायही कथेत येऊ द्या : टोकांना आणि छिद्रांच्या मधल्या जागेत दोरा घट्ट गुंडाळणे, आतून तेलाचा हात फिरवणे, वाजवून झाल्यावर काठीला कापड गुंडाळून आतला ओलावा टिपणे. चीर पडलीच तर मेण भरून वर दोरा.

दमाचेही तसेच. धडधाकट प्रौढ माणूस एका दमात साधारण चार-पाच लिटर हवा बाहेर टाकू शकतो. बासरीला सेकंदाला पाव लिटर लागते असे धरले, तर एक फुंकर सोळा ते वीस सेकंद पुरते. मंत्राच्या सुरावटीत श्वासाच्या जागा ठेवल्याच पाहिजेत. बरगडी मोडलेल्या नायकाला लांब सूर धरता येणार नाही. वाजवताना दोन्ही हात आणि तोंड गुंतलेले असते, त्यामुळे तलवार चालवणे नाही की मंत्र पुटपुटणे नाही. त्याच्या पाठीशी कुणीतरी उभे हवे. अखंड सूर हवा असेल तर सनईसारखे पत्तीचे वाद्य निवडा. त्याला हवा कमी आणि दाब जास्त लागतो. गालात साठवलेली हवा बाहेर ढकलत नाकाने श्वास घेण्याची युक्ती त्यावर बासरीपेक्षा सोपी जाते. शिवाय रणाच्या गदारोळात बासरीचा मंद्र पोचतच नाही.

स्फटिकाची बासरी स्फटिकासारखी वाजते, हाही गैरसमज. नळीची भिंत पुरेशी ताठ आणि आतून गुळगुळीत असेल, तर घडणीच्या पदार्थाने आवाजात फारसा फरक पडत नाही. पोकळीचा व्यास आणि मुखरंध्राची कड यांनी पडतो. हाडाची बासरी मात्र जरूर लिहावी. जर्मनीतल्या होले फेल्स गुहेत 2008 मध्ये गिधाडाच्या पंखाच्या हाडाची, पाच छिद्रांची, सुमारे 22 सेंटिमीटर लांबीची बासरी सापडली. ती 35 हजार वर्षांहून जुनी मानली जाते. हे हाड मुळातच पोकळ असते, म्हणून कारागिराला नळी कोरावी लागत नाही. उडणाऱ्या ड्रॅगनच्या पंखाचे हाडही तसेच हलके आणि पोकळ मानता येईल.

बासरी घडवण्याचा प्रसंग असेल तर नळी आधी थोडी लांबच कापावी आणि छिद्रे तापलेल्या सळईने लहानच पाडावीत. छिद्र मोठे केले की स्वर चढतो. तो उतरवायचा झाला तर मेण लावून छिद्र लहान करण्यावाचून गत्यंतर नसते. चित्रकारांनाही एक विनंती आहे. आडव्या बासरीचे मुखरंध्र अगदी टोकावर काढू नये, ते बंद टोकाच्या बुचापासून जरा आत असते. आणि सहा स्वररंध्रे दोन्ही हातांच्या तीन-तीन बोटांखाली यावीत.

आपले,
बासरी घडवणारे व वाजवणारे काही वाचक